सह्याद्रीचे कुळ

दरवर्षी ११ डिसेंबरला आंतरराष्ट्रीय पर्वतदिन पाळला जातो. संयुक्त राष्ट्रांनी २००२ हे वर्ष पर्वतांचे म्हणून जाहीर केले आणि पुढच्या वर्षापासून ही तारीख ठरली. घाटाखालच्या माणसाला मात्र ती आधीपासून ठाऊक आहे. ११ डिसेंबर १९६७ रोजी पहाटे साडेचारच्या सुमारास कोयनेचा भूकंप झाला. कोयनानगर उद्ध्वस्त झाले, दीडशेहून अधिक माणसे गेली आणि कोकणात लोक अंथरुणातून उठून अंगणात आले. तोपर्यंत दख्खनचे पठार भूकंपाच्या दृष्टीने निर्धोक मानले जाई. सह्याद्री हा निजलेला डोंगर, त्याच्याकडून कसली हालचाल व्हायची नाही, हा समज त्या पहाटे संपला.

दोन तारखा जुळल्या हा योगायोग. पण त्या निमित्ताने एक प्रश्न विचारायला हवा. आपण आणि आपली मुले पर्वत शिकतो ते कसे?

शाळेत पर्वत येतात ते यादीने. हिमालय आशियात, लांबी सुमारे २,४०० किलोमीटर, सर्वोच्च शिखर एव्हरेस्ट, उंची ८,८४८.८६ मीटर. अँडीज दक्षिण अमेरिकेच्या पश्चिम काठाने, सुमारे ७,००० किलोमीटर, जमिनीवरची सर्वांत लांब रांग, तिचे ॲकाँकाग्वा शिखर ६,९६१ मीटर. रॉकी उत्तर अमेरिकेच्या पश्चिमेला, ॲपलेशियन पूर्वेला. आल्प्स युरोपच्या मध्यात, ॲटलास आफ्रिकेच्या वायव्य कोपऱ्यात, कॉकेशस काळा समुद्र आणि कॅस्पियन यांच्या मध्ये, उरल युरोप आणि आशियाच्या सीमेवर, ग्रेट डिव्हायडिंग रेंज ऑस्ट्रेलियाच्या पूर्व किनाऱ्याने. ही यादी पाठ असायलाच हवी. नकाशावर बोट कुठे ठेवायचे हे ज्याला कळत नाही, त्याला पुढचे काही सांगता येत नाही. पण यादी उंचीच्या क्रमाने लावली की सह्याद्री पार तळाला जातो. कळसूबाई १,६४६ मीटर. थेट केरळातली अनैमुडी धरली तरी २,६९५. मुलाच्या मनात ठसते ते असे, की मागे दिसणारा आपला डोंगर म्हणजे हिमालयाचा धाकटा आणि खुजा भाऊ. तो भाऊ तर नाहीच, जवळचा नातलगही नाही.

कोकणात नवा माणूस भेटला तर आपण त्याची उंची मोजत नाही. गाव कुठले, कुळ कोणते, मूळ घर कुठल्या वाडीत, असे विचारतो. पुराणकारांनी पर्वतांच्या बाबतीत हेच केले. महेंद्र, मलय, सह्य, शुक्तिमान, ऋक्ष, विंध्य आणि पारियात्र या सात पर्वतांना त्यांनी कुलपर्वत म्हटले. विष्णुपुराणात कोणत्या पर्वताच्या पायथ्यातून कोणत्या नद्या निघतात हे सांगितले आहे. सह्याच्या नावावर गोदावरी, भीमरथी आणि कृष्णवेणी आहेत. या यादीत उंचीचा आकडा नाही. पर्वताची ओळख त्याच्या पाण्यावरून आणि नात्यावरून करून देण्याची ही रीत जुनी असली तरी आजच्या भूशास्त्राच्या जवळची आहे. म्हणून सह्याद्रीचे कुळ शोधू या. त्या शोधात जगातले बाकीचे पर्वतही आपोआप भेटतात.

साखरप्याहून निघालेली एसटी आंबा घाट चढते. वळणामागून वळण घेत वर पोचते. पण चढण संपल्यावर ती पलीकडे उतरत नाही. मलकापूर, कोल्हापूरच्या दिशेने पठारावरूनच धावू लागते. उतार असतो तो इतका सावकाश की प्रवाशाला जाणवत नाही. राजापुराकडून अणुस्कुरा चढणाऱ्याला हाच अनुभव येतो. हिमालयातली खिंड ओलांडली की जितके चढलो तितके दुसऱ्या अंगाला उतरावे लागते. मुलांच्या चित्रातला डोंगर तसाच असतो, दुपाखी छपरासारखा. सह्याद्रीचे छप्पर एकपाखी आहे. पश्चिमेला उभी भिंत आणि तिच्या माथ्यापासून पूर्वेला, थेट बंगालच्या उपसागरापर्यंत, सावकाश उतरत गेलेले पाखे.

भाषेने हे कधीच ओळखले आहे. आपण ‘डोंगरापलीकडे’ गेलो असे म्हणत नाही, ‘घाटावर’ गेलो म्हणतो. घाटावर देश, घाटाखाली कोकण. घाट हा शब्द मुळात चढायच्या-उतरायच्या वाटेचा. नदीकाठच्या पायऱ्यांनाही आपण घाटच म्हणतो. इंग्रजी नकाशांनी वाटेचे नाव सगळ्या डोंगराला दिले आणि ‘वेस्टर्न घाट्स’ असे छापले. त्या नावात चूक असली तरी नकळत एक खरी गोष्ट उतरली: ही रांग म्हणजे पठाराची पायरी आहे. तापीच्या दक्षिणेपासून कन्याकुमारीच्या जवळपर्यंत सुमारे १,६०० किलोमीटर लांबीची ही पायरी, मध्ये पालघाटच्या खिंडीत तेवढी तुटलेली.

आपल्याकडे ही पायरी कशाची बनली, हे पाहायला प्रयोगशाळा लागत नाही. घाटात जिथे डोंगर कापलेला असेल तिथे कातळाच्या आडव्या पट्ट्या दिसतात, एकावर एक, विटांच्या थरासारख्या. प्रत्येक थर हा लाव्ह्याचा एकेक लोट. सुमारे ६.६ कोटी वर्षांपूर्वी जमिनीला लांबच लांब भेगा पडल्या आणि त्यांतून पातळ लाव्हा वाहू लागला. एक लोट वाहिला, थिजला, त्यावर ऊनपावसाने माती धरली, मग त्या मातीला भाजत दुसरा लोट आला. दोन थरांमध्ये कुठेकुठे दिसणारा तांबडा पट्टा म्हणजे ती भाजलेली माती. हे पुन्हा पुन्हा घडून पश्चिमेकडे दोन किलोमीटरहून अधिक जाडीचा ढीग साचला. आज उरलेला लाव्हा सुमारे पाच लाख चौरस किलोमीटरवर पसरलेला आहे. भूशास्त्रात त्याला ‘दख्खन ट्रॅप’ म्हणतात; ट्रॅप हा शब्द पायरी या अर्थाच्या स्वीडिश शब्दावरून आला. दूरदेशीच्या माणसालाही या खडकात पायऱ्याच दिसल्या.

हिमालयाची घडण याहून सर्वस्वी निराळी. भारताचा भूखंड उत्तरेला सरकत जाऊन सुमारे पाच कोटी वर्षांपूर्वी आशियाला धडकला. मध्ये जो समुद्र होता त्याच्या तळाचा गाळ दोन भूखंडांत चेपला, सतरंजी भिंतीला ढकलावी तशा त्याला वळ्या पडल्या आणि त्या वर उचलल्या गेल्या. म्हणून एव्हरेस्टच्या माथ्यावर समुद्री जिवांचे अवशेष असलेला चुनखडक मिळतो. आल्प्स, झॅग्रोस, कॉकेशस हे याच जातीचे वली पर्वत. अँडीजही वलीच, पण तिथे महासागराचा तळ खंडाखाली घुसतो आहे, म्हणून वळ्यांच्या जोडीला ज्वालामुखी आहेत. उरल आणि ॲपलेशियन हे झिजून ठेंगणे झालेले फार जुने वली पर्वत. आपल्याकडचा अरवली त्याहून जुना. नर्मदेच्या दोन अंगांना उभे असलेले विंध्य-सातपुडे हे खचदरीच्या काठचे. सह्याद्री यांतल्या कोणाच्याच पंगतीत बसत नाही. त्याला वळ्या नाहीत. थर अजून आडवेच आहेत.

मग त्याचे मूळ घर कुठले? हा लाव्हा वाहिला तेव्हा भारत आजच्या जागी नव्हता. रत्नागिरीचा कातळ विषुववृत्ताच्या दक्षिणेला जन्मला आहे. आज हिंदी महासागरात जिथे रेयुनियॉं बेट आहे, त्या भागातल्या खोल, तप्त उगमावरून भारताचा भूखंड जात असताना या भेगा उघडल्या, असे बहुतेक भूशास्त्रज्ञ मानतात. भूखंड पुढे सरकला, उगम तिथेच राहिला. मागे राहिलेल्या वाटेवर समुद्राखाली एक डोंगररांग तयार झाली. लक्षद्वीप, मालदीव आणि छागोस ही बेटे त्या रांगेच्या माथ्यावर आहेत. अगदी अलीकडे, म्हणजे ८०-९० लाख वर्षांपूर्वी, त्याच उगमातून मॉरिशस वर आले. रेयुनियॉंवरचा ज्वालामुखी आजही लाव्हा ओकतो. आपल्या घराचा चौथरा ज्या चुलीवर शिजला ती चूल अजून पेटती आहे.

मॉरिशसचे नाव रत्नागिरीत परके नाही. १९व्या शतकात रत्नागिरी आणि आजूबाजूच्या भागांतून माणसे उसाच्या मळ्यांवर गिरमिटिया म्हणून तिथे गेली. त्यांचे वंशज आजही तिथे मराठी म्हणून ओळखले जातात, गणपती आणतात. पायाखालचा खडक सोडून समुद्रापार गेलेली ती माणसे खडकाच्या हिशेबाने माहेरीच उतरली, हे त्यांना कोणी सांगितले नसेल. आपल्या मुलांना मात्र सांगता येईल.

सह्याद्रीला कड्याचे रूप कसे आले, हा याच गोष्टीचा पुढचा भाग. दक्षिण गोलार्धातले खंड एके काळी एकत्र होते. त्या महाखंडाला गोंडवन म्हणतात, आणि हे नाव आपल्या मध्य भारतातल्या गोंडांच्या मुलखावरून पडलेले आहे. हा महाखंड तुटत गेला. आधी आफ्रिका दूर झाली, मग मादागास्कर, आणि लाव्ह्याचे लोट ओसरत असतानाच्या काळात भारताच्या पश्चिम काठापासून सेशेल्सचा तुकडा निघाला. आज आपण आणि सेशेल्स यांच्यामध्ये अरबी समुद्राच्या तळाशी कार्ल्सबर्ग नावाची पर्वतरांग आहे. महासागरांच्या तळाने सगळ्या पृथ्वीभर फिरलेली सुमारे ६५,००० किलोमीटरची जी मालिका आहे, तिचाच हा एक फाटा. जगातली सर्वांत लांब पर्वतरांग कोणती या प्रश्नाचे खरे उत्तर ही बुडालेली मालिका आहे, अँडीज नव्हे.

तुटलेल्या खंडाची कड उचलली जाते, समुद्राच्या बाजूला उभा उतार मिळतो आणि पाऊस त्या उताराला कुरतडू लागतो. कडा मागे मागे सरकतो. रत्नागिरीच्या किनाऱ्यापासून घाटमाथा आज साठ-सत्तर किलोमीटर आत आहे. मधली पट्टी, म्हणजे आपले सगळे घरदार, आंब्याच्या बागा, खाड्या, वाड्या, ही कड्याने मागे सरकताना सोडलेली जमीन आहे. चिपळूणजवळच्या परशुरामाच्या देवळात लहानपणापासून ऐकलेली कथा अशी, की बाण सुटला आणि समुद्र मागे हटला. खडकाच्या कथेत कडा मागे हटला. दोन्ही कथा एवढे सांगतात, की ही भूमी सुरुवातीपासून इथे नव्हती, ती मिळालेली आहे. जमीन तुटल्याच्या खुणाही बुजलेल्या नाहीत. उन्हवरे, आरवली, तुरळ, राजवाडी, राजापूर या गावांत गरम पाण्याची उन्हाळी आहेत; त्यांवरून नकाशावर रेघ ओढली तर ती कड्याला जवळजवळ समांतर जाते. खोल गेलेल्या भेगांतून पाणी तापून वर येते. आंघोळीला जाणाऱ्याने एकदा ही रेघ ओढून पाहावी.

आता भावंडे. गोंडवन जिथे तुटले तिथे अनेक ठिकाणी अशा कडा उभ्या आहेत. दक्षिण आफ्रिकेत पूर्वेकडे ड्रॅकेन्सबर्ग. तिथेही माथ्यावर लाव्ह्याचे आडवे थर आहेत, आपल्याहून जुने, सुमारे १८ कोटी वर्षांपूर्वीचे. लेसोथो हा अख्खा देश त्या कड्याच्या वर बसला आहे, आपल्या घाटमाथ्यासारखा. ब्राझीलच्या आग्नेय किनाऱ्याने सेरा दो मार, लांबीने जवळपास सह्याद्रीएवढा. खडक वेगळा, पण समुद्राकडे तोच उभा कडा आणि त्यावर तसेच दाट, भिजलेले रान. ऑस्ट्रेलियात ग्रेट डिव्हायडिंग रेंज. या तिघांच्या फोटोंखालची नावे झाकली तर कोकणातला माणूस फसेल.

नद्या पाहिल्या की नाते पटते. कृष्णा महाबळेश्वरला उगम पावते. अरबी समुद्र तिथून सरळ रेषेत सुमारे ६५ किलोमीटरवर, पण ती पाठ फिरवून १,४०० किलोमीटर चालते आणि बंगालच्या उपसागराला मिळते. तिच्याच शेजारी उगवणारी सावित्री कड्यावरून खाली झेपावते, आपल्या रत्नागिरी जिल्ह्याची उत्तर सीमा आखत बाणकोटला समुद्राला मिळते. ड्रॅकेन्सबर्गमध्ये हिंदी महासागराच्या अंगाला उगवणारी ऑरेंज नदी पश्चिमेला २,२०० किलोमीटर जाऊन अटलांटिक गाठते. ब्राझीलची तिएते नदी तर समुद्रापासून अवघ्या २०-२२ किलोमीटरवर उगवते, साव पावलो शहरातून वाहते आणि समुद्राकडे पाठ करून खंडाच्या आत निघून जाते. ऑस्ट्रेलियातली मरे पूर्व किनाऱ्याकडच्या डोंगरातून निघून पश्चिमेला अडीच हजार किलोमीटर वाहते. एकपाखी छपराचे पाणी पाख्याच्या दिशेनेच जाणार.

आणि अशा छपरांवर माणसाने ठिकठिकाणी एकच खटाटोप केलेला आहे: पाण्याला भिंतीच्या बाजूने खाली उतरवणे. साव पावलोने १९२० च्या दशकात तिएतेच्या खोऱ्यातले पाणी उलटे फिरवून सेरा दो मारच्या कड्यावरून सातशे मीटर खाली सोडले आणि वीज केली. कोयनेचे पाणीही असेच. कोयना मूळची कृष्णेची लेक, कराडच्या प्रीतिसंगमावर तिला मिळणारी. धरण बांधून तिचे पाणी बोगद्यांनी सह्याद्रीच्या पोटातून पश्चिमेला वळवले, पोफळी-अलोरे-कोळकेवाडीला त्यावर वीजघरे उभी राहिली. चारही टप्पे धरून प्रकल्पाची क्षमता १,९६० मेगावॅट आहे. वीज करून झाल्यावरचे अवजल वाशिष्ठीत पडते आणि दाभोळच्या खाडीतून समुद्राला जाते. कृष्णेच्या पाणीवाटपासाठी नेमलेल्या लवादाने असे पश्चिमेला वळवायच्या पाण्याला वर्षाला ६७.५ टीएमसी (अब्ज घनफूट) इतकी मर्यादा घातली.

ऑस्ट्रेलियाने मात्र याच्या उलट केले. १९४९ ते १९७४ या काळात स्नोई माउंटन्स योजनेत त्यांनी किनाऱ्याकडे वाहून जाणारे पाणी बोगद्यांनी कोरड्या अंतर्भागाकडे वळवले, वीजही केली आणि शेतीही भिजवली. आपल्याकडे सह्याद्रीच्या माथ्यावर वर्षाला पाच हजार मिलीमीटरच्या पुढे पाऊस पडतो, रत्नागिरीत तीन हजारांच्या वर, आणि घाटमाथ्याच्या पूर्वेला थोड्याच अंतरावर माण-खटावला जेमतेम पाचशे. नैर्ऋत्येचा वारा भिंतीवर आदळतो, चढतो, थंडावतो, रिता होतो आणि कोरडा होऊन पलीकडे जातो. असे असताना कमी पावसाच्या मुलखाच्या वाट्याचे पाणी जास्त पावसाच्या मुलखाकडे उतरवण्याचा निर्णय झाला. त्या विजेने महाराष्ट्राचे कारखाने चालले, घरे उजळली. तो निर्णय त्या काळाच्या गरजेचा होता आणि त्याला आज नावे ठेवणे सोपे आहे. आमचे म्हणणे एवढेच, की वीज झाल्यावर समुद्राला जाणाऱ्या या गोड्या पाण्याचा हिशेब आपण अजून नीट मांडलेला नाही. ज्या जिल्ह्यातून ते वाहते, त्याच जिल्ह्यात एप्रिल-मे महिन्यांत कड्याखालच्या धनगरवाड्यांना टँकरची वाट पाहावी लागते.

इतका पाऊस पडून टंचाई का, याचेही उत्तर डोंगराच्या घडणीत आहे. नद्या आखूड, उतार उभा; घाटावर पडलेला थेंब एका दिवसात खाडी गाठतो. खाली सड्यावर, म्हणजे कातळाच्या सपाट माळावर, जांभा. हा जांभा म्हणजे त्याच काळ्या कातळाचे रूप: लाखो वर्षांच्या पावसाने आणि उन्हाने त्यातले विरघळणारे सारे धुऊन नेले, लोह आणि ॲल्युमिनियम उरले, म्हणून रंग तांबडा आणि अंगभर भोके. पाचगणीच्या टेबललँडवर तेराशे मीटरच्या आसपास तोच जांभा आहे आणि रत्नागिरीच्या सड्यावर समुद्रापासून हाकेच्या अंतरावर तोच. आपण त्याचे चिरे काढले, घरे, विहिरी, गडगे बांधले. आपल्या आधी इथे राहणाऱ्यांनी त्याच सड्यांवर कातळशिल्पे कोरली. कशेळीचा प्रचंड हत्ती, उक्षी, जांभरूण, देवीहसोळ, बारसू. २०२२ मध्ये ती युनेस्कोच्या संभाव्य वारसायादीत गेली. पण जांभा पाणी धरून ठेवत नाही. पावसाळ्यात ते गाळून घेतो आणि उताराच्या पायथ्याला झऱ्यांवाटे सोडून देतो. झऱ्याच्या वरची झाडी गेली की झरा लवकर आटतो.

कड्याच्या अंगाला यापेक्षा गंभीर गोष्ट घडते. कडा मागे सरकतो असे वर म्हटले. ती क्रिया थांबलेली नाही, आणि ती कशी चालते हे २२ जुलै २०२१ ला सगळ्या कोकणाने पाहिले. त्या दिवशी चिपळूण बुडाले. त्याच पावसात खेड तालुक्यात पोसरे येथे दरड कोसळली आणि शेजारच्या रायगड जिल्ह्यात तळिये गावाची वाडी डोंगराखाली गेली. त्याआधी ३० जुलै २०१४ ला माळीण, त्यानंतर १९ जुलै २०२३ च्या रात्री इर्शाळवाडी. ही सारी गावे एकाच कड्याच्या कुशीत किंवा माथ्याजवळ वसलेली. कातळावर मातीचा जाड थर असतो. पाणी मुरत मुरत कातळापर्यंत पोचते, माती जड होते आणि तिची पकड सुटते. उताराचा पाय रस्त्यासाठी किंवा घरासाठी कापलेला असेल, माती बांधून ठेवणारी झाडे गेलेली असतील, तर ती लवकर सुटते. परशुराम घाटात चौपदरीकरणासाठी डोंगर कापल्यानंतर काय झाले ते या जिल्ह्याला सांगायला नको. २०२२ मध्ये तो घाट दिवसाचे काही तास बंद ठेवून काम करावे लागले.

हिमालयात दरडी पडतात त्या तो अजून उंचावतो आहे, खडक चेपलेला आणि भेगाळलेला आहे, म्हणून. सह्याद्रीत पडतात त्या पावसाने मऊ केलेल्या मातीमुळे. इलाजही म्हणून वेगळे लागतात. हिमालयासाठी केलेला नियम जसाच्या तसा इथे लावला तर तो फसेल, आणि सपाटीवरच्या रस्त्याचे अंदाजपत्रक घाटात वापरले तर ते माणसे मारील. पर्वताचे कुळ ओळखण्याचा आग्रह आम्ही धरतो तो या कारणासाठी.

जगाने सह्याद्रीची दखल घेतली आहे. २०१२ मध्ये युनेस्कोने पश्चिम घाटातल्या ३९ ठिकाणांना जागतिक वारसा मानले. महाराष्ट्रातली चार, कास, कोयना, चांदोली आणि राधानगरी. यातल्या कोयना आणि चांदोलीची राने आपल्या जिल्ह्याच्या पूर्व सीमेला लागून आहेत. त्याआधी २०१० मध्ये केंद्राने माधव गाडगीळ यांच्या अध्यक्षतेखाली तज्ज्ञगट नेमला होता आणि त्याच्याकडे रत्नागिरी-सिंधुदुर्गाचा प्रश्न खास सोपवला होता. २०११ च्या त्या अहवालात निर्णय ग्रामसभांपर्यंत न्यावेत, असे म्हटले होते. मग २०१३ चा कस्तुरीरंगन अहवाल आला, सुमारे ६०,००० चौरस किलोमीटर क्षेत्र संवेदनशील ठरवा म्हणणारा. २०१४ पासून अधिसूचनेचे मसुदे निघत राहिले. सहावा जुलै २०२४ मध्ये निघाला. दर मसुद्यानंतर गावांच्या याद्यांवर वाद झाला, त्यात भीती होती, काही रास्त शंकाही होत्या. आपली भातशेती, चिरेखाण, घरदुरुस्ती बंद होणार का, हे विचारण्याचा गावकऱ्यांना पूर्ण अधिकार आहे. पण गाडगीळ अहवालातली ग्रामसभेची सूचना बाजूला पडली आणि वाद ‘विकास की पर्यावरण’ अशा दोन शब्दांत अडकला, याचे आम्हाला दुःख आहे. ज्या ग्रामसभेला डोंगर कसा बनला आणि त्याची माती कधी सुटते हे ठाऊक असते, ती कोणत्याही मसुद्यावर नेमके बोलू शकते.

भारतीय भूवैज्ञानिक सर्वेक्षणाने दरडींची शक्यता दाखवणारे नकाशे तयार केलेले आहेत. ते संगणकात आणि कचेऱ्यांत आहेत. खेड, चिपळूण, संगमेश्वर, लांजा आणि राजापूर या कड्याखालच्या तालुक्यांतल्या प्रत्येक ग्रामपंचायतीच्या भिंतीवर त्या त्या गावाचा नकाशा, वाड्यांची नावे मराठीत घालून, लागला पाहिजे. जिल्हा परिषदेला हे एका पावसाळ्याच्या आत करता येईल.

शिक्षकांना विनंती वेगळी आहे. या ११ डिसेंबरला जगातल्या उंच शिखरांची प्रश्नमंजूषा घ्या, जरूर घ्या. पण आधी मुलांना घेऊन शाळेजवळच्या एखाद्या सड्यावर जा, जिथून पूर्वेला घाटमाथ्याची निळी रेघ दिसते. डिसेंबरात हवा स्वच्छ असते, कडा लख्ख दिसतो. जगाचा नकाशा सड्यावर पसरा, वाऱ्याने उडू नये म्हणून कोपऱ्यांवर जांभ्याचे चार दगड ठेवा, आणि मुलांना ड्रॅकेन्सबर्ग, सेरा दो मार आणि ग्रेट डिव्हायडिंग रेंज शोधायला सांगा.